‘कोणी’ आणि ‘कसें’

मुलांच्या करमणुकीविषयीं वडील माणसांनीं गंभीरपणें लिहूं लागणें हें वार्धक्याचें पहिलें लक्षण होय, असें आमचे एक स्नेही म्हणतात. तें खरें असेल. आमचें वय त्या मताला अनुकूलच आहे. चंद्रपूरच्या न्यायालयांत चाळीस वर्षें वकिली केली. १९८२ च्या ऑगस्टांत जुन्या जिल्ह्याचे दोन भाग होऊन वैनगंगेपलीकडे गडचिरोली हा निराळा जिल्हा झाला, त्यानंतर तेथल्याही कचेऱ्यांच्या पायऱ्या झिजविल्या. आणि बारीक अक्षर दिसेनासें झाल्यावर आतां घरीं बसलों आहों. घरीं बसलेल्या मनुष्याला या गांवचा उन्हाळा फार लांब वाटतो. पारा ४५ अंशांच्या वर जाऊन तेथेंच मुक्काम करितो, सकाळीं दहानंतर रस्त्यावर चिटपाखरूं दिसत नाहीं, आणि कूलरच्या पुढ्यांत बसून राहण्यापलीकडे मनुष्याला कर्तव्य उरत नाहीं. अशाच दिवसांत नागपूरहून सुटीसाठीं आलेल्या आमच्या अकरा वर्षांच्या नातवानें आम्हांला ‘डिटेक्टिव्ह कोनान’ या जपानी चित्रमालिकेच्या नादीं लाविलें. पडद्यावर जपानी बोलणें चालू असतें, खालीं इंग्रजी अक्षरें धांवतात. नातू तीं वाचून आम्हांला मराठींत सांगतो, आणि आम्ही त्याला मध्येंच अडवून प्रश्न विचारितों. उलटतपासणीची खोड जात नाहीं. पहिले तीसेक भाग या रीतीनें झाले. पुढचे हजारावर भाग आमच्या हातून होतील असें दिसत नाहीं. म्हणून जेवढें पाहिलें तेवढ्याविषयींच लिहितों.

मालिकेंतील नांवांनीं पहिल्या दिवशीं घरांत बरीच गंमत केली. तींत मोरी कोगोरो नांवाचा एक खासगी गुप्तहेर आहे. ‘मोरी’ हें आडनांव ऐकून आमच्या घरच्या मंडळींना हंसूं आवरेना. त्याच्या मुलीचें नांव रान. जपानी भाषेंत त्याचा अर्थ ऑर्किडचें फूल असा होतो. परंतु साग, मोह आणि बांबू यांच्या रानांत सारा जन्म गेलेल्या आम्हांला तें नांव ऐकतांच आपलें वाटलें. नायकाचें नांव मात्र ग्रंथकारानें फार विचारपूर्वक ठेविलें आहे. शिनइची कुदो हा सतरा वर्षांचा विद्यार्थी. पोलिसांना अडलेलीं प्रकरणें सोडवून देण्याबद्दल त्याची कीर्ति झालेली. पहिल्याच भागांत तो काळ्या पोषाखांतील एका संशयित इसमाच्या मागावर जातो, तोंच त्याच्या जोडीदाराचा तडाखा मागून डोक्यांत बसतो, आणि बेशुद्ध पडलेल्या त्या मुलाला एक नवें विष पाजण्यांत येतें. त्यानें तो मरावयाचा. तो मरत नाहीं, पण सहा-सात वर्षांच्या पोराएवढा होऊन जागा होतो. आपण जिवंत आहों हें शत्रूंना कळूं नये म्हणून नांव बदलणें प्राप्त होतें. रान समोर उभी असते, पाठीशीं वडिलांच्या ग्रंथसंग्रहाचीं कपाटें असतात, आणि पुस्तकांवरचीं दोन नांवें जोडून तो म्हणतो, आपण कोनान एदोगावा. कोनान हें शेरलॉक होम्सच्या जनकाचें, आर्थर कॉनन डॉइल यांचें. एदोगावा हें जपानी रहस्यकथेचे मोठे लेखक एदोगावा रान्पो यांचें. आणि या रान्पोंचें खरें नांव हिराइ तारो असून ‘एदोगावा रान्पो’ हा अमेरिकन लेखक एडगर ॲलन पो याच्या नांवाचा जपानी वळणाचा उच्चार आहे. पहिल्या इयत्तेंतल्या एका पोरानें तीन देशांच्या तीन ग्रंथकारांचें ओझें असें एका नांवांत उचललें आहे.

गोशो आओयामा या चित्रकारानें ही कथा १९९४ सालीं एका जपानी साप्ताहिकांत चित्ररूपानें सुरू केली, आणि ८ जानेवारी १९९६ रोजीं, सोमवारीं, तिचा पहिला भाग जपानच्या दूरचित्रवाणीवर दिसला. तेव्हांपासून भागांची संख्या अकराशेंच्या वर गेली, पण तो पोर अजून पहिल्या इयत्तेंतच आहे. आमच्या शाळाखात्यानें इतकी सवलत कोणाला दिल्याचें ऐकिवांत नाहीं.

डिटेक्टिव्ह कथा ही सुशिक्षित मराठी घरांत पिढ्यान्‌पिढ्या चोरून वाचली गेली. बाबूराव अर्नाळकरांनीं हजाराहून अधिक रहस्यकथा लिहिल्या, आणि त्यांचा झुंजार किंवा काळा पहाड ज्याला ठाऊक नाहीं असा आमच्या पिढींतला मनुष्य विरळा. परंतु तीं पुस्तकें दिवाणखान्यांतल्या कपाटांत कोणीं लाविलीं नाहींत, त्यांची जागा गादीखालीं होती. भा. रा. भागवतांचा फास्टर फेणे त्या मानानें भाग्यवान. तो मुलांच्या हातीं उघडपणें देतां येई. कोनान हा फेण्याचाच लांबचा भाऊ शोभेल, एवढेंच कीं फेणे संकटाकडे धांवत जातो आणि कोनान जागच्या जागीं उभा राहून पायांखालची फरशी पाहतो. या मालिकेवर आमचा स्वतःचा एक आक्षेप आहे, तो येथेंच नोंदवितों. तींत प्रेतें फार. हा मुलगा बागेंत गेला तर बागेंत, आगगाडींत बसला तर आगगाडींत, कोणी ना कोणी मरतेंच. असल्या पायगुणाच्या पाहुण्याला आमच्या इकडे कोणीं उंबऱ्याच्या आंत घेतलें नसतें. मालिकेंत मात्र इतक्या मृत्यूंच्या जवळ सांपडलेल्या या पोराला ‘हा अपशकुनी’ असें सहसा कोणी म्हणत नाहीं. ही गोष्ट आम्हांला पहिल्यानें केवळ गंमतीची वाटली होती.

तिसऱ्या भागानें आम्हांला सावध केलें. योको ओकिनो नांवाच्या एका लोकप्रिय गायिकेच्या बिऱ्हाडांत एक पुरुष पाठींत सुरी घुसून मरून पडलेला आढळतो. दार बंद, खोलींत ऊब देणारें यंत्र पूर्ण वेगानें चाललेलें, शेजारीं एक खुर्ची पडलेली, जमिनीवर पाणी. मोरी हा त्या गायिकेचा भक्त. तरीही ‘कोणी’ या प्रश्नाचीं उत्तरें तो एकामागून एक फेंकीत सुटतो. घर गायिकेचें, म्हणून गायिका, मग व्यवस्थापक, मग द्वेष करणारी दुसरी गायिका. प्रत्येकाला कारण आहे, प्रत्येकाला संधि आहे, आणि पाहणारालाही प्रत्येक वेळीं ‘हाच’ असें वाटतें. कोनान तिकडे लक्ष देत नाहीं. जमिनीवर एक लहानशी खोंच पडलेली आहे, ती तो पाहतो. पाणी कोठून आलें हें पाहतो. एवढ्या उबेची कोणाला गरज होती हें विचारितो. अखेर जें निघतें तें असें कीं, त्या मनुष्यानें सुरीची मूठ बर्फाच्या लादींत गोठवून ती उभी केली, खुर्चीवर चढून पाठीवर अंग टाकलें, आणि उबेनें बर्फ वितळून गेला. खुनी असा कोणी नव्हताच. खोलींत जमलेल्या सगळ्या माणसांवर संशय घेऊन झाला होता, आणि त्यांपैकीं एकानेंही त्याला मारलेलें नव्हतें.

भाग संपल्यावर आम्हीं नातवाला म्हटलें, “तुला तर ती दुसरी गायिका खुनी वाटत होती ना?” तो म्हणाला, “वाटत होती. पण आबाजी, तिनं कसं केलं ते मला सांगता येत नव्हतं. म्हणजे मला काहीच माहीत नव्हतं.”

चाळीस वर्षांत आम्हीं पाहिलेल्या कित्येक दोषारोपपत्रांना हें वाक्य लागू पडलें असतें. ‘कोणी’ याचें उत्तर पहिल्या पानावर ठळक अक्षरांत. ‘कसें’ याच्या जागीं चार साक्षीदारांचीं एकाच हातानें लिहिलेलीं, एकाच वळणाचीं निवेदनें. एका बाबतींत मात्र आम्हांला या मालिकेशीं वाद घालावासा वाटतो. तींतला प्रत्येक गुन्हेगार पुरावा पुढें येतांच गुडघे टेकून रडूं लागतो आणि पोलिसांच्या देखत सारें कबूल करितो. जपानांत काय चालतें तें असो. आमच्याकडे पोलिसांसमोर दिलेली कबुली १८७२ च्या पुराव्याच्या कायद्यानें आरोपीविरुद्ध वापरतां येत नसे, आणि १ जुलै २०२४ पासून त्या कायद्याच्या जागीं जो भारतीय साक्ष्य अधिनियम आला त्यांतही ती वापरतां येत नाहीं. तरीही श्रेय द्यावयाचें तें दिलें पाहिजे: कोनानचीं प्रकरणें कबुलीवर उभीं नसतात. कबुली मागाहून येते. पहिल्या भागांतच बागेंतल्या झुलत्या आगगाडीवर एका प्रवाशाचा शिरच्छेद होतो, आणि शिनइची खुनी स्त्रीला ओळखतो तो तिच्या गळ्यांतली मोत्यांची माळ गाडी सुटतांना होती व थांबतांना नव्हती एवढ्यावरून, आणि तिच्या गालांवर आंसवें वेगामुळें आडवीं वाहिल्याचे ओघळ होते त्यावरून. प्रेत पाहिल्यानंतर जी रडली असती तिचीं आंसवें खालीं वाहिलीं असतीं. हें नातवानें आम्हांला दोनदां समजावून दिलें, आणि दुसऱ्या खेपेस आम्ही समजल्याचें सोंग केलें नाहीं, खरेंच समजलों.

आतां सहा वर्षांच्या पोराचें ऐकणार कोण? येथें ग्रंथकारानें जी युक्ति काढिली तिनें मालिका लोकप्रिय झाली असावी. शेजारच्या आगासा नांवाच्या संशोधक गृहस्थानें कोनानला गळ्यांत बांधावयाचा एक बो दिलेला असतो, त्यांतून कोणाचाही आवाज काढतां येतो. पुढें एक घड्याळ मिळतें, त्यांतून भुलीची सुई सुटते. मोरी निजतो, पोर खुर्चीमागें लपतें, आणि मोरीच्या आवाजांत सत्य बाहेर पडतें. तिसऱ्या भागांत घड्याळ हातीं नव्हतें, तेव्हां राखेची थाळीच मोरीच्या डोक्यांत बसली होती. सारे अधिकारी ‘वा मोरीसाहेब’ म्हणतात; जागे झालेल्या मोरीला आपण काय बोललों याचा पत्ता नसतो, पण श्रेय घेण्यास तो चुकत नाहीं. आमच्या इकडच्या कोणत्याही कचेरींत दहा वर्षें काढलेल्या मनुष्याला हा देखावा समजावून सांगण्याची गरज नाहीं. टिपण खालच्या टेबलावर तयार होतें. सही वरच्या टेबलावर होते.

विसाव्या भागांत चार-पांच मुलें एका पडक्या, ‘भुताटकीच्या’ म्हणविल्या जाणाऱ्या वाड्यांत शिरतात. रात्रीं तेथें आवाज येतात हें खरेंच असतें. मुलें भीत भीत आवाजाच्या मागानें तळघरापर्यंत पोंचतात, तों तेथें एका आईनें आपल्या वाढलेल्या मुलाला कोंडून ठेविलेलें आढळतें. त्या मुलाच्या हातून पूर्वीं बापाचा जीव गेलेला असतो. भूत नाहीं, तळघरांत वर्षानुवर्षें पुरलेलें एका घराचें दुःख आहे. हा भाग पाहून नातू बराच वेळ गप्प होता. आम्ही मात्र तळघरापेक्षां बाहेरच्या वस्तीचा विचार करीत होतों. इतकीं वर्षें त्या आवाजाला ‘भूत’ हें नांव दिल्यामुळें सगळ्यांची सोय झाली होती: कोणाला आंत जाऊन पाहावें लागलें नाहीं.

नांव देऊन मोकळें होण्याची ही सोय फक्त अडाणी माणसांची नाहीं, हें आमच्यासारख्यांच्या वाचकांना सांगितलें पाहिजे. आमच्या परिचयाच्या एका सुशिक्षित घरीं मोत्यांची एक कुडी हरवली. घरांत धुणीभांडीं करणाऱ्या बाईची पिशवी उलटीपालटी करण्यांत आली, तिला देवासमोर शपथ घ्यावयास लाविलें. पांचव्या दिवशीं कुडी धुलाईच्या यंत्राच्या रबरी कडेंत सांपडली. मौज अशी कीं, कुडी हरवली त्या दिवशीं ती बाई कामावर आलीच नव्हती. भावाच्या घरीं मूलला गेली होती. हें घरांतल्या प्रत्येकाला ठाऊक होतें. ‘कोणी’ हें ठरून गेल्यावर ‘कसें’ विचारण्याचें कोणालाही सुचलें नाहीं, एवढेंच. बाई पुन्हां त्या घरीं कामाला गेली नाहीं.

आणि आतां ज्या गोष्टीमुळें या मुलांच्या मालिकेवर लिहिण्यास आम्ही प्रवृत्त झालों तिच्याकडे वळतों. ऑगस्ट २०२१ मध्यें आमच्याच जिल्ह्यांत, जिवती तालुक्यांतील वणी खुर्द या गांवीं, जादूटोण्याच्या संशयावरून सात जणांना भर चौकांत बांधून मारहाण झाली. त्यांत वृद्ध स्त्रियाही होत्या. १ मे २०२४ रोजीं, महाराष्ट्रदिनीं, गडचिरोली जिल्ह्यांतील एटापल्ली तालुक्यांत बारसेवाडा येथें एका स्त्रीला व एका पुरुषाला त्याच संशयावरून मारहाण करून जाळण्यांत आलें. कायदा नव्हता असें नाहीं. डॉ. नरेंद्र दाभोलकर यांचा २० ऑगस्ट २०१३ रोजीं पुण्यांत खून झाल्यावर थोड्याच दिवसांत वटहुकूम निघाला आणि त्याच वर्षीं अधिनियम झाला. अमका मनुष्य करणी करितो, त्याच्यामुळें रोग पडतो, असा आरोप करून त्याला छळणें हा त्यांत गुन्हा आहे. या प्रकारांना जंगलांतील लोकांचा अडाणीपणा म्हणून हात झटकणारीं माणसें आम्हीं पाहिलीं आहेत, आणि त्यांपैकीं कांहींच्या घरीं कुड्याही हरवल्या आहेत. असल्या आरोपाच्या मुळाशीं बहुधा एखादें आजारपण असतें, एखादें मूल दगावलेलें असतें. दुःख खरें असतें. त्या दुःखाला कारण हवें असतें, आणि तें विचारावयास जवळ डॉक्टर नसतो, पुजारी असतो. तो ‘कोणी’ याचें उत्तर देतो. ‘कसें’ हें त्याला कोणी विचारीत नाहीं, कारण ‘करणी’ या एका शब्दांत तो प्रश्न आधींच मिटविलेला असतो.

या संबंधांत आमच्या जिल्ह्यांतली एक विपरीत गोष्ट सांगण्याजोगी आहे. वाघानें मनुष्य मारला म्हणजे येथें केवढी चौकशी होते! ताडोब्याच्या भोंवतीं आणि इतरत्रही वनखातें झाडाझाडाला कॅमेरे बांधितें, पावलांचे ठसे घेतें, अंगावरचे पट्टे जुळवून पाहतें. कारण कोणत्याही दोन वाघांचे पट्टे सारखे नसतात, आणि भलताच वाघ धरला जाऊं नये. ऑक्टोबर २०२० मध्यें राजुऱ्याच्या बाजूला जो नरभक्षक पिंजऱ्यांत सांपडला त्याला धरण्यासाठीं किती महिने खटपट चालली हें त्या भागांतल्या लोकांना आठवत असेल. ही चौकशी योग्यच आहे. वाघाला जो संशयाचा फायदा मिळतो तो एटापल्लीच्या म्हातारीला मिळाला नाहीं, एवढेंच आमचें म्हणणें.

आमच्या वकिलींतल्या एका प्रकरणाविषयीं लिहावें कीं नाहीं याचा आम्हीं बराच विचार केला. नांवगांव सांगत नाहीं. एका विधवा म्हातारीवर करणीचा आळ घेऊन शेजाऱ्यांनीं तिचा हात मोडला होता. खटला चालला, मारणाऱ्यांना शिक्षा झाली. निकालाच्या दिवशीं ती न्यायालयाच्या आवारांत चिंचेखालीं बसली होती. आम्हीं तिला निकाल समजावून सांगितला. तिनें शांतपणें ऐकून घेतला आणि विचारलें, “वकीलसाहेब, म्या काई केलं नाई, हे तं झालं. पण मंग ते पोरगं मेलं कायनं?”

तें शेजाऱ्यांचें पोर होतें. त्याला कोणीं तपासलें नव्हतें, शवचिकित्सा झाली नव्हती. साऱ्या कागदपत्रांत ‘आजारानें मयत’ एवढे दोन शब्द होते. निकाल तिच्या बाजूचा होता, आणि तरीही तिच्या मनांतला खटला अर्धाच राहिला होता. गांवांतला तर तेवढाही सुटला नव्हता. मूल कशानें मेलें हें जोंवर कोणीं सांगितलें नाहीं तोंवर तें हिच्यामुळें मेलें असें मानावयास सगळे मोकळे होते.

‘पोर मेलें कशानें’ हा प्रश्न गडचिरोलींत कोणीं नेटानें विचारला असेल तर तो डॉ. अभय व डॉ. राणी बंग या दांपत्यानें. १९८६ सालीं ‘सर्च’ ही संस्था स्थापून तीं तेथें गेलीं. मृत्यु घडून गेल्यावर घरच्या माणसांजवळ बसून, लक्षणें विचारून, कारण हुडकून काढण्याची जी रीत वैद्यकांत आहे ती त्यांनीं गांवोगांव वापरली. मूल दूध ओढीनासें केव्हां झालें? रडणें क्षीण केव्हां झालें? अंग गार लागत होतें का? छाती आंत ओढली जात होती का? असे साधे प्रश्न. त्यांतून दिसलें कीं, नवजात अर्भकांच्या मृत्यूंत जंतुसंसर्गाचा वाटा फार मोठा आहे, आणि तो वेळींच ओळखतां आला तर पुष्कळशीं मुलें वांचतील. मग गांवांतल्याच स्त्रियांना तीं लक्षणें ओळखावयास आणि घरच्या घरीं उपचार करावयास शिकविलें. त्यांना ‘आरोग्यदूत’ म्हणतात. ३९ गांवांत हा प्रयोग झाला, आणि १९९९ सालीं ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय साप्ताहिकांत त्याचा अहवाल प्रसिद्ध झाला: नवजात मृत्यूंचें प्रमाण ६२ टक्क्यांनीं उतरलें होतें. कमी शिकलेल्या बायका हें करूं शकतील यावर वैद्यकशास्त्रांतल्या मोठमोठ्या मंडळींचा विश्वास बसणें सोपें नव्हतें. येथेंही लहान तोंडाचें सत्य मोठ्या तोंडानें बोलावें लागलें, पण या वेळीं मोठें तोंड जागें होतें, आणि ज्यांचें श्रेय त्यांस देत होतें. आमच्या म्हातारीच्या गांवीं तशी एखादी बाई असती तर तें पोर कदाचित् वांचलें असतें, आणि नच वांचतें तर निदान तें कशानें गेलें हें गांवाला कळलें असतें.

नातवाला आम्हीं यांतलें कांहीं सांगितलें, कांहीं सांगितलें नाहीं. जाळल्याची गोष्ट सांगितली नाहीं. परंतु अकराव्या भागानें ती दुसऱ्या वाटेनें घरांत आलीच. हा भाग ८ एप्रिल १९९६ रोजीं दुप्पट लांबीचा म्हणून दाखविला गेला, आणि आम्हीं पाहिलेल्या तीस भागांत तो सर्वांत श्रेष्ठ आहे यांत शंका नाहीं. एका लहान बेटावर एकामागून एक तीन माणसें मारलीं जातात, आणि प्रत्येक वेळीं बेथोव्हेनचें चंद्रप्रकाशाचें पियानोवादन ऐकूं येतें. बारा वर्षांपूर्वीं त्या बेटावरच्या एका प्रख्यात वादकानें म्हणे बायकोमुलीला मारून, हेंच वादन करीत करीत स्वतःला जाळून घेतलें होतें. तेव्हांपासून बेटावरचे लोक त्या पियानोला शापित मानतात. मारणारा निघतो तो तेथला डॉक्टर, ज्याच्यावर सगळ्यांचा जीव. तो त्या वादकाचा मुलगा असतो. बापाच्या मृत्यूचा शोध घ्यावयास स्त्रीचा वेष घेऊन तो बेटावर येऊन राहिलेला असतो. बापानें स्वतःला जाळून घेतलेंच नव्हतें. अमली पदार्थांच्या व्यापारांतल्या त्याच्या साथीदारांनीं सगळ्या कुटुंबाला आगींत कोंडलें होतें. कोनान सारें उलगडून सांगतो, आणि तेंच ऐकून तो डॉक्टर पेटत्या इमारतींत पियानोजवळ जाऊन बसतो. पोर आगींत शिरतें, त्याला ओढूं पाहतें. डॉक्टर त्यालाच उचलून खिडकीबाहेर फेंकतो. मग आंतून वादन ऐकूं येतें, आणि त्या सुरांत सांकेतिक रीतीनें त्या लहान गुप्तहेराचे आभार मानलेले असतात.

सत्य सांगून झाल्यावर मनुष्य हातचा गेला, हें कोनान विसरत नाहीं असें म्हणतात. पुढील भागांत कोठेंतरी तो बोलून दाखवितो कीं, अनुमानानें गुन्हेगाराला कोंडीत धरून त्याला मरूं देणारा गुप्तहेर हाही खुन्यासारखाच. तो भाग आम्हीं अजून पाहिला नाहीं. नातवाच्या सांगण्यावरून लिहितों. आमच्या मनांत जें राहिलें तें निराळें आहे. बारा वर्षांपूर्वीं ‘वेड्याच्या भरांत जाळून घेतलें’ असें लिहून जे कागद बंद झाले, ते त्याच वेळीं कोणीं नीट उघडून पाहिले असते, तर हे तीन खून व्हावयाचे नव्हते आणि चवथा जीवही जावयाचा नव्हता. नातवानें तेंच आपल्या भाषेंत विचारलें: “आबाजी, त्या बेटावर पोलिस नव्हते का?”

“होते,” आम्हीं म्हटलें.

“मग त्यांनी आग कशी लागली ते नाही पाहिलं?”

दुसऱ्या दिवशीं बारावा भाग लाविला. त्यांत आयुमी नांवाची कोनानची छोटी मैत्रीण लपंडाव खेळतां खेळतां एका मोटारीच्या मागच्या पेटींत शिरते. तेथें पिशवींत तिला मनुष्याचें तोडलेलें डोकें दिसतें, आणि मोटार तिला घेऊन निघते. गांवांत मुलें पळविणारे खुनी फिरत असल्याची बातमी असतेच. कोनान गुप्तहेर खरा, पण त्या दिवशीं तोही ‘हेच ते’ असें धरून मोटारीमागें धांवतो. अखेर कळतें कीं, मोटारींतले लोक नाटकवाले आणि डोकें नाटकाच्या सामानांतलें. कोणी मेलें नाहीं, कोणी कोणाला पळविलें नाहीं. नातू फार निराश झाला. हा भाग फुकट गेला म्हणाला. आम्हीं तो संध्याकाळीं एकट्यानें पुन्हां एकदां पाहिला.